बेरीज विषम आली तेव्हा

गणितावरचा लेख म्हटल्यावर वाङ्मय मंडळातले निम्मे वाचक थेट पुढच्या पानावर जातील, हे मला ठाऊक आहे. संपादकांनाही ठाऊक होतं. ‘थोडं सोपं कर आणि थोडं घरचं आण,’ असं त्यांनी बजावलं. सोपं कितपत झालंय ते तुम्हीच ठरवा. घरचं मात्र जरा जास्तच आलंय.

आमचं मूळ घर अमझेऱ्याला आहे. अमझेरा म्हणजे मध्य प्रदेशातल्या धार जिल्ह्यातलं एक छोटं गाव. मुंबई सेंट्रलहून रात्रभराच्या गाडीने इंदूर, तिथून धार, आणि धारहून पुढे पुन्हा बस. गावात किल्ला आहे. १८५७ च्या बंडात इंग्रजांविरुद्ध उठलेले राजा बख्तावरसिंह इथलेच. त्यांना १८५८ मध्ये इंदूरला फाशी दिलं आणि पुढे हा मुलूख शिंद्यांच्या ग्वाल्हेर संस्थानात गेला. माझे खापरपणजोबा शिंदेसरकारच्या महसूल खात्यात कारकून म्हणून इथे आले आणि इथलेच झाले. म्हणून आमच्या घरची मराठी अशी आहे: “अगं जरा रुक, पंखा चालू कर, किती गर्मी होतेय!” कॉलेजात पहिल्या वर्षी मी असं बोलले की मुली हसायच्या. आता मंडळाच्या कार्यक्रमांचं निवेदन मीच करते.

गेल्या मे महिन्यात आजोबांच्या वर्षश्राद्धाला आम्ही सगळे अमझेऱ्याला जमलो. मी, आई, बाबा मुंबईहून. आत्या आणि आतोबा देवासहून. काका, काकू, भैया आणि आजी तर तिथेच राहतात. एकूण नऊ माणसं. वर्षश्राद्ध झालं की दुसऱ्या दिवशी घराच्या वाटणीचं बोलायचं, असं ठरलेलं होतं. कोणी तसं म्हटलं नव्हतं, पण सगळ्यांना माहीत होतं.

बाबा आणि काका यांच्यात गेलं वर्षभर धड बोलणं नव्हतं. आजोबा आजारी पडले तेव्हा त्यांना इंदूरला हलवायला उशीर झाला, असं बाबांचं म्हणणं. ‘तू इथे होतास कुठे?’ असं काकांचं म्हणणं. ही दोन वाक्यं तेराव्याच्या दिवशी एकदाच बोलली गेली आणि मग दोघंही गप्प झाले. भांडण झालं असतं तर मिटलं तरी असतं.

श्राद्धाच्या दिवशी संध्याकाळी लाइट गेली. सगळे अंगणात येऊन बसले. बायका एका बाजूला, आजीच्या खाटेभोवती. पुरुष चार खुर्च्यांवर, चार दिशांना तोंडं करून. मला तो अबोला सहन होईना. मी म्हटलं, “माझ्या प्रोजेक्टसाठी एक प्रयोग करायचाय. सगळ्यांनी भाग घ्यायचा.”

प्रोजेक्ट खराच होता. टी.वाय.ला माझा विषय ग्राफ थिअरी. त्यातला ग्राफ म्हणजे शाळेत आलेखवहीवर काढायचो तो नव्हे. काही बिंदू घ्यायचे आणि त्यांतल्या काही जोड्या रेघांनी जोडायच्या, की झाला ग्राफ. बिंदू म्हणजे माणसं, गावं, काहीही. एका बिंदूला जितक्या रेघा येऊन मिळतात, ती त्याची डिग्री. सगळ्या बिंदूंच्या डिग्री उतरत्या क्रमाने लिहिल्या की होतो डिग्री सिक्वेन्स. नावं नाहीत, नुसते आकडे.

मी वहीचं पान फाडून नऊ चिठ्ठ्या केल्या आणि प्रश्न सांगितला: “इथे बसलेल्यांपैकी किती जणांशी गेल्या वर्षभरात तुमचं कामाशिवाय बोलणं झालं? समोरासमोर किंवा फोनवर. ‘गॅस सिलेंडर आला का’ हे मोजायचं नाही. नाव लिहायचं नाही. फक्त आकडा.”

आजीने विचारलं, “आणि जे गेलेत त्यांच्याशी बोलते ते?”

“इथे बसलेल्यांपैकीच, आजी.”

“बसलेलेच आहेत ते,” आजी म्हणाली. पण आकडा मात्र तिने नीट, बोटं मोजून लिहिला.

मोबाइलच्या उजेडात मी चिठ्ठ्या उघडल्या आणि मोठ्यापासून लहानाकडे मांडल्या:

८, ६, ६, ६, ५, ४, ३, ३, २.

बेरीज केली. त्रेचाळीस. पुन्हा केली. त्रेचाळीसच.

इथे मला थांबावं लागलं, कारण त्रेचाळीस येऊच शकत नाही. प्रत्येक रेघेला दोन टोकं असतात. मी आईशी बोलले तर माझ्या चिठ्ठीत एक वाढतो आणि आईच्याही चिठ्ठीत एक वाढतो. म्हणजे प्रत्येक संबंध बेरजेत दोनदा येतो. म्हणून सगळ्या डिग्रींची बेरीज नेहमी समच यायला हवी. ऑयलरच्या १७३६ च्या कोनिग्सबर्गच्या पुलांवरच्या निबंधापासून ही गोष्ट माहीत आहे आणि आम्हाला पहिल्याच तासाला शिकवली होती. बेरीज विषम आली याचा अर्थ एकच: आमच्या अंगणात कुठेतरी निदान एक रेघ अशी होती, जी एका टोकाला होती आणि दुसऱ्या टोकाला नव्हती. कोणीतरी कोणाला तरी मोजलं होतं, आणि त्या दुसऱ्याने याला मोजलं नव्हतं.

भैयाने विचारलं, “काय आलं?” मी म्हटलं, “बघतेय.” तेवढ्यात लाइट आली आणि सगळे आत गेले. प्रयोगाचं पुढे काय झालं हे कोणी विचारलंही नाही.

पहिला संशय आजीवर. तिने आजोबांना धरलं असणार, असं मला वाटलं. पण नऊ माणसांत कोणालाही जास्तीत जास्त आठच जण मोजता येतात, आणि सर्वांत मोठा आकडा आठच होता. तो आजीचाच असणार हे उघड होतं. आजोबांना धरलं असतं तर नऊ झाला असता. आजीने नियम पाळला होता.

रात्री गच्चीवर झोप येईना म्हणून मी वही घेऊन बसले. एखादी आकड्यांची यादी कोणत्या तरी ग्राफची असू शकते की नाही, हे तपासायची एक कसोटी एर्डोश आणि गलाई या हंगेरियन गणितज्ञांनी १९६० मध्ये दिली. बेरीज सम असणं ही तिची पहिली अट. दुसरी अट साधारण अशी: वरच्या मोठ्या आकड्यांना इतके संबंध हवे असतील तर ते पुरवायला खालच्यांकडे पुरेशी टोकं आहेत का? लग्नात वाढपी किती आणि पंगती किती, तसाच हा हिशेब.

मी वरचे पाच आकडे घेतले: ८, ६, ६, ६, ५. बेरीज एकतीस. ही पाचही माणसं एकमेकांशी बोलत असली, तरी प्रत्येकाचे आपसात चारच होतात. पाच चोक वीस. म्हणजे एकतिसातले निदान अकरा संबंध खालच्या चौघांशीच असायला हवेत. खालचे चार आकडे कोणते? ४, ३, ३, २. बेरीज बारा.

बारातले अकरा वर गेले. उरला एक.

मी त्या एकाकडे बघत बसले. वरचे आकडे बरोबर धरले, तर खालच्या चौघांमध्ये एकमेकांसाठी जास्तीत जास्त एक टोक शिल्लक राहत होतं. आणि एका टोकाची रेघ होत नाही. चौघांपैकी कोणाचंही कोणाशी दोन्ही बाजूंनी बोलणं नव्हतं. एकही नाव न वाचता आकडे हे सांगत होते. ते चौघे कोण, हे ओळखायला गणित लागत नाही. चार खुर्च्या, चार दिशांना तोंडं.

अशा ग्राफला स्प्लिट ग्राफ म्हणतात. बिंदूंचे दोन गट पडतात: एका गटात प्रत्येक जण प्रत्येकाशी जोडलेला, दुसऱ्या गटात कोणीच कोणाशी नाही, दोन गटांच्या मध्ये मात्र हव्या तशा रेघा. आमच्या घरातल्या पाच बायका सगळ्या एकमेकींशी बोलतात. चार पुरुष एकमेकांशी बोलत नाहीत. ते बायकांशी बोलतात आणि निरोप बायकांमार्फत फिरतात. बाबांना काकांविषयी जे काही कळतं ते आजीकडून किंवा माझ्याकडून, मला भैयाकडून. हॅमर आणि सिमिओने यांनी १९८१ मध्ये दाखवलं की ग्राफ स्प्लिट आहे की नाही हे नुसत्या डिग्री सिक्वेन्सवरून कळतं. वरच्यांची बेरीज आणि ‘वीस अधिक खालच्यांची बेरीज’ अगदी तंतोतंत जुळली, की समजावं असं दुभंगलेलं घर आहे. आमच्याकडे एकतीस आणि बत्तीस येत होते. पुरतं दुभंगायला फक्त एक कमी पडत होता.

हा एक कोणाचा?

सकाळी काका म्हणाले, “चल बेटा, अमका-झमकाला जाऊन येऊ.” हे गावाजवळचं देवीचं मंदिर. रुक्मिणी इथे पूजेला आली आणि कृष्णाने तिला इथूनच नेलं, अशी अमझेऱ्याची श्रद्धा आहे. विदर्भातल्या कौंडिण्यपूरचीही तीच आहे, आणि तिथल्या मैत्रिणीशी माझा यावरून वाद झालेला आहे. असो. दर्शन घेऊन आम्ही ओट्यावर बसलो. काकांनी सरळ विचारलं, “तुझा तो हिशेब जुळला का?”

“नाही. बेरीज विषम येते. येऊ नये.”

“म्हणजे?”

मी सांगितलं. कोणीतरी मोजलंय, दुसऱ्याने मोजलेलं नाही. काका बराच वेळ चपलेच्या टोकाने मातीत रेघा ओढत होते.

“चार माझे,” ते म्हणाले. “आई, ताई, तुझी काकू. आणि दादा.”

“पण बाबा तर...”

“मी दर रविवारी फोन करतो त्याला. वर्ष झालं. तो उचलतो. ‘बोल, काही काम होतं का?’ म्हणतो. मी म्हणतो, ‘नाही, सहज.’ तो म्हणतो, ‘बरं.’ मग ठेवतो.” काका जरा हसले. “तू म्हटलीस ना, कामाशिवाय. माझं तर काहीच काम नसतं.”

मला काय बोलावं सुचेना. रविवारी संध्याकाळी बाबांना फोन येतो, ते गॅलरीत जातात आणि अर्ध्या मिनिटात परत येतात, हे मी शंभरदा पाहिलं होतं. एखाद्या कंपनीचा फोन असेल असं वाटायचं.

दुपारी वाटणीची बैठक झाली. पुढच्या रस्त्याकडच्या खोल्या कोणाच्या, मागची विहीर कोणाची, मधलं अंगण कसं धरायचं. आवाज कोणीच चढवले नाहीत. बाबा आजीकडे बघून बोलत होते, काका आत्याकडे बघून. मध्येच आत्या म्हणाली, “आमच्या देवासचं तरी काय वेगळं होतं?”

देवासची गोष्ट आमच्याकडे सगळ्यांना पाठ आहे, तुमच्यासाठी सांगते. तुकोजी आणि जिवाजी या दोन पवार बंधूंनी अठराव्या शतकात तिथे राज्य मिळवलं. पुढे त्याच्या दोन पात्या झाल्या, थोरली आणि धाकटी. गाव एकच, पण राजे दोन, राजवाडे दोन, दरबार दोन. इंग्रज कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर १९२१ मध्ये थोरल्या पातीच्या महाराजांचा खासगी चिटणीस होता. त्या आठवणींवर त्याने पुढे पुस्तकही लिहिलं. आत्याच्या सासूबाई सांगायच्या की रस्त्याची एक बाजू थोरल्या पातीची आणि दुसरी धाकट्या पातीची असायची.

“पण हळदीकुंकवाला बायका रस्ता ओलांडून जायच्याच की,” आत्या म्हणाली. “वाटणी घरांची झाली होती.”

मला ते वाक्य वहीत लिहून घ्यावंसं वाटलं. ग्राफमध्येही वाटणी होते ती बिंदूंची. हे बिंदू या गटात, ते त्या गटात. रेघांची वाटणी कोणी करत नाही. जी रेघ एका गटातून दुसऱ्या गटात जाते ती तशीच राहते. तिला पुसायचं असेल तर वेगळं पुसावं लागतं.

संध्याकाळी निघालो. निघताना आजीने विचारलं, “तुझ्या त्या गणितात आपल्याकडचं कोणी आहे का?” मी म्हटलं, “आहेत ना. श्रीखंडे. सागरला जन्मले.” आजी खूश. “सागरचे? मग आपलेच.”

शरदचंद्र शंकर श्रीखंडे यांचा जन्म १९१७ चा. बोस आणि पार्कर यांच्या जोडीने त्यांनी १९५९ मध्ये ऑयलरचा पावणेदोनशे वर्षांपूर्वीचा एक अंदाज खोटा ठरवला आणि ती बातमी न्यूयॉर्क टाइम्सच्या पहिल्या पानावर आली. पुढे ते मुंबई विद्यापीठाच्या गणित विभागाचे प्रमुख होते. २०२० मध्ये, वयाच्या १०२ व्या वर्षी ते गेले. त्यांच्या नावाचा एक ग्राफ आहे, आणि माझा निम्मा प्रोजेक्ट त्यावरच आहे. सोळा बिंदू, प्रत्येकाची डिग्री सहा. आता बुद्धिबळाचा चार गुणिले चारचा छोटा पट घ्या; एका घरातून हत्ती एका चालीत जिथे जाऊ शकतो ती घरं रेघांनी जोडा. तिथेही सोळा बिंदू आणि प्रत्येकाची डिग्री सहाच. एवढंच नाही, कोणतेही दोन बिंदू घ्या, जोडलेले असोत वा नसोत, त्यांचे सामाईक शेजारी दोन्हीकडे बरोबर दोनच. आकडे सगळे जुळतात. तरीही हे दोन ग्राफ वेगळे आहेत. हत्तीच्या ग्राफमध्ये एका बिंदूचे सहा शेजारी तीन-तीनच्या दोन टोळ्या करून बसतात, टोळीत सगळ्यांची ओळख, पण या टोळीतला त्या टोळीतल्या कोणालाच ओळखत नाही. श्रीखंड्यांच्या ग्राफमध्ये तेच सहा जण गोल पंगत करून बसतात, प्रत्येकाचे हात दोन्ही बाजूंच्या शेजाऱ्यांच्या हातात.

प्रोजेक्टमध्ये मी हे छान आकृत्या काढून लिहिलं होतं. पण आकडे सारखे असून घर वेगळं असू शकतं, हे मला कळलं त्या गाडीत. बाबांची चिठ्ठी तीनची. भैयाचीही तीनची. भैयाच्या तीनात आजी, काकू, मी. बाबांच्या तीनात आजी, आई, मी. बाबा मुंबईच्या गॅलरीतून, भैया अमझेऱ्याच्या ओट्यावरून. आकड्यावरून कोणाला काय कळणार?

रतलामला गाडी थांबली. बाबा खाली उतरून शेव घेऊन आले. ते आयुष्यभर बँकेत होते. हिशेब न जुळणं म्हणजे काय हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त समजतं. मी म्हटलं, “बाबा, त्या दिवशीच्या चिठ्ठ्यांची बेरीज त्रेचाळीस आली. विषम येऊ शकत नाही.”

“का?”

मी पुन्हा सगळं सांगितलं. दोन टोकं, एकतीस, वीस, बारा, उरलेला एक. नाव मात्र घेतलं नाही. चिठ्ठ्यांवर नावं लिहायची नाहीत असं मीच सांगितलं होतं. बाबांनी माझी वही घेतली आणि आकड्यांवर पेन्सिल फिरवली. बँकेत फरक शोधायचे तसे.

“म्हणजे कोणीतरी जास्त लिहिलंय,” ते म्हणाले.

“किंवा कोणीतरी कमी लिहिलंय.”

ते गप्प झाले. शेवेची पुडी उघडी तशीच होती. बऱ्याच वेळाने त्यांनी विचारलं, “रविवारचं धरायचं होतं का?”

“मला काय माहीत रविवारचं?” मी म्हटलं. हे खोटं होतं, आणि ते खोटं आहे हे बाबांना कळलं.

त्यांनी वही परत दिली. काही खोडलं नाही, काही वाढवलं नाही. मी थोडी निराश झाले, खरं सांगते. गोष्टीत असतं तर त्यांनी तिथेच तीनचे चार केले असते.

वाटणीची कागदपत्रं यथावकाश झाली. पुढच्या खोल्या काकांच्या, मागचा भाग आमचा, अंगण सामाईक. भिंत घातलेली नाही. आजोबांना इंदूरला न्यायला उशीर झाला होता का, याचं उत्तर दोघांपैकी कोणाकडेच नाही, आणि माझ्या कोणत्याही प्रमेयातून ते निघणार नाही.

पण जूनमधल्या एका रविवारी फोन वाजला तेव्हा बाबा गॅलरीत गेले नाहीत. हॉलमध्येच बसले. “बोल,” म्हणाले. मग थांबले. “काम होतं का?” हे त्यांच्या ओठांवर आलेलं मला दिसलं. ते म्हणाले, “पाऊस झाला का तिकडे?”

आई स्वयंपाकघरातून बाहेर येऊन उभी राहिली. मी घड्याळ बघितलं नाही.

रात्री मी जुनी वही काढली. एका तीनवर काट मारून चार लिहिले. आठ, सहा, सहा, सहा, पाच, चार, चार, तीन, दोन. बेरीज चव्वेचाळीस. पुन्हा कसोटी लावून पाहिली: वर एकतीस, खाली तेरा. आता वीस अधिक तेरा तेहतीस, आणि एकतिसाशी दोनचा फरक. म्हणजे हा स्प्लिट ग्राफ राहिला नाही. दोनचा फरक म्हणजे दोन टोकं, आणि दोन टोकं म्हणजे खाली एक अख्खी रेघ.

पावसावरचं बोलणं कामाचं की कामाशिवायचं, हे मात्र मी अजून ठरवलेलं नाही. अमझेऱ्यात आमची थोडी शेती आहे.